रंगारीबाईंचा सोमवार

रंगारीबाई पहिल्यांदा आमच्या रायपूरच्या तात्यापाऱ्यातल्या घरी आल्या, तेव्हा त्यांना मराठी तपासून देणारं कोणीतरी हवं होतं, आणि मला तपासायला काहीतरी हवं होतं. शाळेत मराठी घेणारी मुलं कमी कमी होत गेली आणि मी निवृत्त झालो तेव्हा वर्गात चार डोकी उरली होती. त्यानंतर माझ्या चुका काढण्याच्या सवयीला घरात एकटी मालती उरली, आणि इतक्या वर्षांच्या संसारानंतर बायकोच्या चुका काढण्यात स्वतःचंच नुकसान असतं. त्यामुळे फाटकापाशी स्कूटर लावून एक उंच, उन्हाने रापलेली, साडीखाली कॅनव्हासचे बूट घातलेली बाई "मराठीचे सर इथंच राह्यतेत का?" असं खणखणीत आवाजात विचारू लागली, तेव्हा मी चष्मा पुसत लगबगीने बाहेर आलो.

त्यांनी कापडी पिशवीतून कागदांचा गठ्ठा काढून माझ्या हातात दिला. एका स्वीडिश कादंबरीच्या पहिल्या प्रकरणाचा तो अनुवाद होता, इंग्रजीवरून केलेला. ते पुस्तक त्यांच्या भाचीने पाठवलं होतं. पल्लवी तिचं नाव, इंजिनियर, नोकरीसाठी स्वीडनला गेलेली.

"स्वीडिश?" मी म्हणालो.

"हो जी. थंडी खूप आहे तिथं," त्या म्हणाल्या, आणि मला किती दिवस लागतील ते विचारून निघून गेल्या.

पुढच्या गुरुवारी त्या आल्या. मी लाल पेनाने पानं रंगवून ठेवली होती आणि मनातून खूश होतो. त्यांनी गठ्ठा घेतला, आधी पानं मोजली, मग प्रत्येक पानावरच्या लाल खुणा मोजल्या. माझ्या आयुष्यात इतकी शांतता मी परीक्षा घेतानाच अनुभवली होती.

"सत्तावन्न खुणा आहेत, सर," त्या म्हणाल्या. "बावीस मले मान्य आहेत. बाकीच्यावर बोलू."

त्या बाकीच्यांवर आम्ही संध्याकाळपर्यंत बोललो. त्यातल्या अकरा मी जिंकलो, आणि त्याही मालती चारदा माझ्या बाजूने बोलली म्हणून. कादंबरीतली धोबीण "मले" आणि "तुले" म्हणते हे मी खोडलं होतं, ते त्यांनी काही केल्या सोडलं नाही. "मंग कशी बोलंन ती? तुमच्यासारखी?" असं त्यांनी विचारलं, आणि मालती तोंडाला पदर लावून आत गेली. असे आमचे गुरुवार सुरू झाले, आणि ते पुढे तीन वर्षं चालले.

रंगारीबाई रेल्वेत नंबर टेकर होत्या. मालगाडी यार्डात आली की इंजिनापासून ब्रेकव्हॅनपर्यंत तिच्या कडेने चालत जायचं, प्रत्येक डब्याचा नंबर वहीत उतरवायचा, आणि कागदावरची गाडी आणि रुळावरची गाडी एकच आहे का ते पाहायचं. वडील त्याच कामावर असताना गेले आणि त्यांची जागा मुलीला मिळाली. यार्डातली माणसं वर्षभर वाट पाहत होती, ही बाई कधी ऑफिसातली खुर्ची मागते. त्यांनी ती कधीच मागितली नाही. रायपूरच्या मे महिन्यात, डोक्याला ओला पंचा बांधून, त्या निवृत्त होईपर्यंत चालल्या. आवाज मोठा होता तो त्यामुळेच. गाडीच्या या बाजूने त्या बाजूच्या माणसाशी बोलायची त्यांना सवय होती, आणि आमची बैठकीची खोली त्या मानाने लहान होती.

अनुवादही त्यांनी त्याच पद्धतीने केला. मूळ पुस्तकातल्या प्रत्येक वाक्याला समासात पेन्सिलीने नंबर, आणि त्यांच्या मराठी वाक्यालाही तोच नंबर. प्रकरण संपलं की दोन्हीकडचे नंबर जुळवायचे, मगच जेवायचं. एकदा मी सुचवलं की "ती खिडकीपाशी गेली आणि परत आली" या वाक्यात काही नाही, गाळलं तरी चालेल.

"रिकामा डबाही गाडीतच असते, सर," त्या म्हणाल्या. "त्याले मागं सोडून आलं तं वरून मेमो येते."

कादंबरी लिहिणाऱ्या बाईंचं आडनाव मी इथे लिहीत नाही. मला ते तीन वर्षांत एकदाही धड उच्चारता आलं नाही, आणि रंगारीबाईंनी प्रत्येक वेळी ते सुधारून दिलं. आमच्या घरात त्यांचं नाव एब्बाबाई. त्यांच्याविषयी रंगारीबाई अशा बोलत, की ऐकणाऱ्याला वाटावं एब्बाबाई समता कॉलनीत राहतात आणि परवाच भेटून गेल्या. स्वीडनच्या उत्तरेला, लाकूड कापायच्या कारखान्याभोवती वसलेल्या एका गावात त्या जन्मल्या. आई गावाचे कपडे धुवायची. शाळा लवकर सुटली, मग टेलिफोन एक्स्चेंजमध्ये नोकरी. पहाटे ड्यूटीआधी स्वयंपाकघरातल्या टेबलावर टाइपरायटर ठेवून, त्याच्याखाली घडी केलेलं ब्लँकेट घालून त्या लिहायच्या, शेजारी उठू नयेत म्हणून. पहिलं पुस्तक आलं तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती. एका मोठ्या वर्तमानपत्राने त्याला स्वयंपाकघरातलं साहित्य म्हटलं. एब्बाबाईंनी ते कात्रण चौकटीत घालून त्याच स्वयंपाकघरात, चुलीच्या वर, टांगलं. हे सांगताना रंगारीबाईंना इतका आनंद व्हायचा की त्यांनी ते आम्हाला निदान सहा वेळा सांगितलं.

कादंबरीतली माणसं साखरेचा खडा दातात धरून काळी कॉफी पितात. ते नीट लिहिता यावं म्हणून एका गुरुवारी त्या खडीसाखर आणि कॉफीची बाटली घेऊन आल्या. आम्ही तिघं ओळीने बसलो. मला ठसका लागला. मालतीने मात्र तीन कप घेतले आणि आता ती चहा तसाच पिते.

एकच चूक अशी झाली, की ती दाखवायला माझं पेन धजेना. कारखान्याचे कामगार संपाच्या सभेला जमतात, दारात एकमेकांना भेटतात, आणि रंगारीबाईंच्या मराठीत ते एकमेकांना जयभीम घालतात. मी ते पान दोनदा वाचलं. माझं आडनाव वेगळं, त्यांचं वेगळं, आणि त्या शब्दावर लाल खूण करण्याची मला लाज वाटली. मालतीला असल्या अडचणी कधी येत नाहीत. ती डाळ निवडता निवडता म्हणाली, "बाई, तिकडं स्वीडनमधीही जयभीमच म्हणते का जी लोकं?"

रंगारीबाईंनी पान हातात घेतलं, पाहिलं, आणि इतक्या हसल्या की डोळे पुसावे लागले. "हात लिहून गेला न बाप्पा," त्या म्हणाल्या. "आमच्या बाबाची युनियनची सभा म्हटली का दारात पहिला शब्द तोच. मले वाटलंच नाही का मी काही बदलवून राहिली." त्यांनी तो शब्द स्वतः खोडला. पण मग जाताना मला म्हणाल्या, "सर, तुमी काहून नाही सांगितलं? बाकी तं कानामात्रा सोडत नाही." मी त्यांच्या स्कूटरसाठी फाटक उघडलं.

आता खऱ्या गोष्टीकडे येतो. पुण्यातले एक प्रकाशक माझ्या ओळखीचे होते. मी शब्द टाकला, त्यांनी इंग्रजी पुस्तकावरून मराठी करण्याची रीतसर परवानगी मिळवली आणि करार झाला. मी मिशीत हसत होतो. आणि पुस्तक जवळजवळ अर्धं झालं असताना एका गुरुवारी रंगारीबाई आल्या, बसल्या नाहीत, आणि म्हणाल्या, "सर, सोमवार कुठी गेला?"

गोष्ट अशी होती. कादंबरीत रविवारी संध्याकाळी ती धोबीण आई सगळ्या गावाचे कपडे बर्फावरून ओढायच्या गाडीवर बांधते, उद्या तळ्यावर न्यायला. पुढच्या पानावर मंगळवार उजाडतो आणि तिचे हात फाटलेले असतात. मी त्यांना समजावलं. लेखक काही गोष्टी मुद्दाम सांगत नाही, वाचकासाठी मोकळी जागा सोडतो, यालाच कला म्हणतात, वगैरे. हे मी चांगलं बोलतो. वर्गात मुलं लिहून घ्यायची.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. "जिनं दरवाजा किती वेळा करकरला तेही लिहिलं," त्या म्हणाल्या, "ती अख्खा सोमवार काहून सोडंन? डबा कमी आहे."

त्यांनी पल्लवीकडून मूळ स्वीडिश पुस्तक मागवलं. त्यातला एक शब्दही त्यांना कळत नव्हता. पण रविवार आणि मंगळवार हे शब्द त्यांनी पल्लवीला विचारून घेतले आणि मग बोटाने शोधत गेल्या. इंग्रजीत ज्या जागी पान उलटायचं होतं, त्या जागी स्वीडिशमध्ये एकोणपन्नास पानं होती. इंग्रजी पुस्तकातून अख्खं प्रकरण कोणीतरी काढून टाकलं होतं, आणि पुस्तकात कुठे तसं एका ओळीनेही सांगितलेलं नव्हतं.

दुसरा कोणी असता तर पल्लवीकडून त्या पानांचा अर्थ विचारून घेतला असता. या बाई स्वीडिश शिकल्या. वय वर्षं चौसष्ट. मोबाइलवर शिकवणी, भाचीने पाठवलेलं व्याकरण, आणि पहाटे बूढ़ा तालाबाभोवती फिरताना मोठ्याने पाठांतर. तिथे फुलं विकणाऱ्याने एकदा त्यांना थांबवलं, मी त्या दिवशी बरोबर होतो. "दीदी, ये कौन सा मंत्र है?"

"स्वीडिश है भैया," त्या म्हणाल्या. "इसका मतलब है, बारहसिंगे के पास छाता नहीं है।"

त्याने मान डोलावली. दीड वर्षाने त्या मूळ पुस्तक वाचू लागल्या आणि झालेला अनुवाद बाजूला ठेवून पहिल्या वाक्यापासून पुन्हा सुरुवात केली. सोमवारचं प्रकरण त्यांनी आमच्या घरी वाचलं तेव्हा मला ते, खरं सांगतो, लांबलेलं वाटलं. त्यात काहीच घडत नाही. एक बाई कपडे धुते. राखेचं पाणी उकळते, चादरी घालते, दांडक्याने ढवळते, तळ्यावरचा बर्फ फोडून त्या भोकात एकेक चादर खळबळते. मालतीने मात्र डाळीचं ताट बाजूला ठेवलं होतं.

प्रकाशकांना फोन केला. ते सभ्य गृहस्थ आहेत, शांतपणे बोलले. आपली परवानगी इंग्रजी पुस्तकाची आहे. शिवाय पन्नास पानं धुणं कोण वाचणार. "इंग्रजीत ज्यांनी काढलं त्यांनी काही विचार करूनच काढलं असेल ना, बाई. सोमवार वगळून द्या, दोन महिन्यांत पुस्तक काढतो." फोन स्पीकरवर होता. रंगारीबाई माझ्याकडे पाहत होत्या.

आणि मी म्हणालो, "घ्या बाई, मान्य करा. निदान पुस्तक तरी येईल."

माझ्या हातून बऱ्याच गोष्टी चुकल्या असतील, पण हे वाक्य आठवलं की आजही मला चहा कडू लागतो.

"सर, तुमीही?" त्या म्हणाल्या. मग पुढे बोलल्या तेव्हा त्यांचा आवाज पहिल्यांदाच आमच्या खोलीच्या मापाचा होता. "माझ्या मायनं एकतीस वर्षं रेल्वे दवाखान्याच्या चादरी धुतल्या. रक्ताच्या, पुवाच्या. घरी आली का हातानं घास धरता येत नव्हता तिले, आमी भरवत होतो. तिच्यावर कोनी एक ओळ लिहिली नाही. कोन लिहीन? एब्बाबाईनं आपल्या मायवर पन्नास पानं लिहिली, तं तेही कापून टाकले. आता मीही कापू?"

त्यांनी हस्तलिखित उचललं, पानं मोजली, पिशवीत घातलं आणि गेल्या. पुढचे सात गुरुवार त्या आल्या नाहीत. मालतीने त्या काळात मला जेवायला वाढलं, पण चहा माझा मलाच करावा लागला.

त्या सात आठवड्यांत त्यांनी एब्बाबाईंना पत्र लिहिलं. स्वीडिशमध्ये, हाताने. एब्बाबाई तेव्हा नव्वदीला टेकलेल्या, डोळ्यांना दिसेनासं झालेलं. पत्रात काय लिहिलं ते रंगारीबाईंनी मला नंतर सांगितलं. मी अमुक, रायपूरला राहते, तुमचं पुस्तक माझ्या भाषेत नेते आहे. इंग्रजी पुस्तकात सोमवार नाही. तो तुम्ही काढला की दुसऱ्या कोणी? तुम्ही काढला असेल तर मीही काढीन. दुसऱ्या कोणी काढला असेल तर मला सांगा. खाली सही, आणि मागे सोमवारच्या सगळ्या वाक्यांची नंबरवार यादी.

उत्तर महिन्याने आलं. एब्बाबाईंनी सांगितलं होतं आणि त्यांची देखभाल करणाऱ्या बाईने लिहून घेतलं होतं. आठव्या गुरुवारी रंगारीबाई ते घेऊन आमच्याकडे आल्या, जणू मध्ये काही झालंच नव्हतं, आणि ओट्यावर उभ्यानेच मराठी करत वाचून दाखवलं.

एब्बाबाईंनी लिहिलं होतं की पुस्तक परदेशात जाणार म्हणून तेव्हा त्यांना फार अप्रूप होतं. फोन आला, की धुण्याचं प्रकरण लांब आहे, काढलं तर चालेल का. त्या भिडस्त, समोरचे मोठे लोक, त्या हो म्हणाल्या. फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात जाऊन रडल्या. आई तेव्हा हयात होती, तिला त्यांनी कधी सांगितलं नाही. इतक्या वर्षांत इतक्या देशांत ते पुस्तक गेलं, इंग्रजीवरूनच गेलं, आणि सोमवार कुठे गेला असं कोणीही विचारलं नाही. तुम्ही पहिल्या. यापुढे माझ्या आईच्या सोमवाराशिवाय हे पुस्तक कुठल्याही भाषेत निघणार नाही, तसं मी सगळ्यांना कळवलं आहे. तुमच्या भाषेची परवानगी मी तुम्हाला थेट देते. फक्त लवकर करा, मला ते हातात धरायचं आहे.

वाचून झाल्यावर रंगारीबाईंनी पत्राची घडी केली. मालती रडत होती. मी उभा राहिलो आणि म्हणालो, "बाई, मी चुकलो." त्या म्हणाल्या, "हो न. बसा आता, लाल पेन काढा. वेळ नाही आपल्याजवळ."

प्रकाशकांचं श्रेय त्यांना द्यायला हवं. परवानगीचं पत्र मिळाल्यावर त्यांनी सोमवारचं प्रकरण प्रथमच वाचलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांचा फोन आला. "बाई, माझी चूक झाली. मी रात्रीतून दोनदा वाचलं." पुस्तक एकाही वाक्याला हात न लावता छापलं. पुढे कळलं की इंग्रजी पुस्तकही सोमवारासकट नव्याने निघतं आहे, आणि कुठलं वाक्य कुठे गळलं ते पाहायला तिकडच्या लोकांनी रंगारीबाईंची यादी मागवून घेतली आहे. त्या दिवशी तात्यापाऱ्यात मी भेटेल त्याला थांबवून हे सांगत होतो. दुधवाल्यालाही सांगितलं.

प्रकाशन बूढ़ापाऱ्यातल्या एका छोट्या हॉलमध्ये झालं. रेल्वेतली जुनी माणसं, बुद्धविहारातल्या बाया, आमच्या शाळेतले तीन-चार शिक्षक, आणि मराठी समजून हिंदीत उत्तर देणारी पुष्कळ तरुण मंडळी. रंगारीबाईंना दहा मिनिटं वाचायला सांगितलं होतं. त्यांनी सोमवार काढला आणि पहिल्या वाक्यापासून सुरुवात केली. माइकची त्यांना गरज नव्हतीच. अर्ध्या तासाने संयोजकांनी चिठ्ठी पाठवली, ती त्यांनी वाचून पानाखाली ठेवली.

या प्रकरणात धोबीण प्रत्येक चादर पाण्यात सोडताना ती कोणाची ते नावानिशी सांगते. मॅनेजरची, पाद्र्याची, डॉक्टरची, बाळंतिणीची, मेलेल्याची. ती स्वीडिश नावं रंगारीबाईंनी तशीच ठेवली होती. हॉलमध्ये पंखे फिरत होते आणि बर्फाच्या भोकात चादरी बुडत होत्या. दुसऱ्या रांगेत एक म्हातारी बसली होती, रंगारीबाईंच्या आईबरोबर दवाखान्यात कपडे धुतलेली. मध्येच ती स्वतःशीच म्हणाली, "आता नीळ देईन ती."

रंगारीबाईंनी पान खाली केलं. "हव काकू, आता नीळच आहे," त्या म्हणाल्या, आणि पुढचं वाक्य वाचलं. खरोखरच निळीचं होतं. मग म्हातारी थांबेना. आता पिळंन, आता झटकंन, असं ती आधी सांगायची आणि पुस्तक तिच्या मागून यायचं. लोक हसले, मग हसायचे थांबले. दीड तासात एकही माणूस उठून गेला नाही. शेवटी टाळ्या इतक्या वाजल्या की तालाबाकडून चाललेले लोक दारात येऊन उभे राहिले. एक मुलगी मला म्हणाली, "अंकल, ये तो हमारे घर वाली मराठी है। किताब में भी चलती है क्या?" मी म्हणालो, "चालते." चाळीस वर्षं मी ती मुलांच्या वह्यांतून खोडत आलो होतो, हे तिला सांगितलं नाही.

महिन्याभरात रंगारीबाई स्वीडनला गेल्या. पल्लवीने तिकीट काढलं होतं. पंधरा दिवसांसाठी म्हणून गेल्या त्या अजून तिकडेच आहेत. एब्बाबाईंनी दुसरी कादंबरी काढून समोर ठेवली म्हणे, आणि यांनी पेन्सिल काढली.

त्यांना मी शेवटचं पाहिलं ते पल्लवीने पाठवलेल्या व्हिडिओत. मालती आणि मी तो ओट्यावर बसून, एकाच मोबाइलवर डोकी लावून पाहिला. एक स्वयंपाकघर. खिडकीबाहेर बर्फ. टेबलाशी एक लहानखुरी, पांढऱ्या केसांची म्हातारी मान खाली घालून बसलेली, आणि तिच्यासमोर स्वेटरवर साडीचा पदर घेतलेल्या रंगारीबाई, मराठी पुस्तक उघडून, सोमवार वाचताना. एब्बाबाईंना त्यातला एकही शब्द कळत नसणार. त्या स्तब्ध ऐकत होत्या. मग पहिलं नाव आलं, मॅनेजरचं, आणि त्यांचे ओठ हलले. दुसरं नाव आलं, पाद्र्याचं, ते त्यांनी रंगारीबाईंबरोबरच उच्चारलं. तिसऱ्या नावापासून त्या पुढे होत्या आणि मराठी त्यांच्या मागून येत होती. टेबलावर ठेवलेले त्यांचे दोन्ही हात हळूहळू एकमेकांभोवती फिरू लागले, कोणीतरी ओली चादर पिळावी तसे. रंगारीबाई थांबल्या नाहीत. त्यांनी शेवटच्या चादरीपर्यंत, शेवटच्या वाक्यापर्यंत वाचलं आणि पुस्तक मिटून त्यांच्या ओंजळीत दिलं.

एब्बाबाईंनी ते छातीशी धरलं, दोन-तीन शब्द बोलल्या. रंगारीबाईंनी मान हलवली आणि त्यांच्याच भाषेत, यार्डातल्या आवाजात, काहीतरी उत्तर दिलं. मग दोघीही हसायला लागल्या.

"काय म्हणल्या जी त्या?" मालतीने विचारलं.

खाली पल्लवीने लिहून पाठवलं होतं. मी चष्मा लावला आणि तिला वाचून दाखवलं. एब्बाबाई म्हणाल्या होत्या, "आई पूर्ण आली." आणि आमच्या रंगारीबाईंनी उत्तर दिलं होतं, "दोघीही आल्या."